मामेसासऱ्यांचा गोष्टधर्म

माणसाला चारचौघांत लाजेनं अर्धमेलं करण्याचं कसब आमच्या मामेसासऱ्यांइतकं अख्ख्या चंद्रपूर जिल्ह्यात दुसऱ्या कुणाजवळ नसेल, आणि शेजारच्या गडचिरोलीतही असेल असं मला वाटत नाही. हे माझ्या बायकोचे सख्खे मामा. मूल गावी भाताच्या गिरणीत आयुष्य काढलं आणि कामातून मोकळे झाल्यावर, लोक कोंबड्या पाळतात किंवा तीर्थाला जातात तसा यांनी धर्म काढला. गोष्टधर्म! त्यात मूर्ती नाही, पोथी नाही, ओसरीवर फक्त एक पाट. त्यावर बसून जो गोष्ट सांगेल तो तेवढ्यापुरता देव. सगळ्यांनी त्याच्या पाया पडायचं आणि मुरमुऱ्यांचा प्रसाद घेऊन घरी जायचं. आज्ञा एकच, ऐकलेली गोष्ट मरू द्यायची नाही, म्हणून भेटेल त्याला सांगत सुटायचं. "माणूस मेला त मेला," मामा म्हणत, "पण त्याच्यासंगं त्याची गोष्ट काऊन जाळाची?"

हा धर्म ओसरीवर राहिला असता तर माझी तक्रार नव्हती. पण एकदा चंद्रपूरच्या बसमध्ये त्यांनी आपल्या आजाची आणि अस्वलाची गोष्ट काढली. स्टँड आलं तेव्हा अस्वल नुकतंच झाडावर चढत होतं. मामा उठले आणि दोन्ही हात पसरून दारात उभे राहिले. "कोणी उतरू नोका! अर्धी गोष्ट म्हंजे कच्चा भात, पोट दुखल तुमचं!" कंडक्टर विनवण्या करतोय, बाया पिशव्या सावरत हसतायत, आणि मी खिडकीकडे तोंड करून परका माणूस झालोय. तेवढ्यात मामांनी माझ्याकडे बोट केलं, "हे आमचे जावाईबापू, ऊर्जानगरले असतात. इचारा त्याईले, अस्वल खरं होतं का नाई!" ऊर्जानगरात, वीजकेंद्राच्या आमच्या क्वार्टरवर माझे साहेब चहाला आले, तेव्हाही तसंच. मामांनी कपावर बशी झाकली आणि आधी गोष्ट मागितली. साहेबांनी घाम पुसत आजीनं सांगितलेली कावळ्याची गोष्ट कशीबशी पार पाडली, तर मामांनी त्यांच्या पायावर सपशेल लोटांगण घातलं. त्यानंतर कितीतरी दिवस प्लांटमध्ये साहेब मला पाहून रस्ता बदलत, आणि मी त्यांना.

पण माझी लाज वरवरची होती. खरी लाज कशी असते ते मी मामांच्याच चेहऱ्यावर पाहिलं. त्यांच्या आळीत तळ्यातले मासे विकणारी एक विधवा बाई राहते. एका संध्याकाळी ती पाटावर बसली आणि नवऱ्याची एक गोष्ट सांगून गेली. ती मी इथे लिहिणार नाही. लग्नाच्या पहिल्या वर्षातलं भांडण होतं आणि त्याचा शेवट गोड होता, एवढं पुरे. मामा गहिवरले आणि धर्माच्या आज्ञेप्रमाणे ती गोष्ट घेऊन गावभर हिंडले. फिरता फिरता तिचा गोड शेवट कुठेतरी गळून पडला आणि नुसतं भांडण उरलं. भरल्या बाजारात कुणीतरी बाईला हाक मारली, "काऊन बाई, आज माहेराले नाई पळाल्या का?" आणि सगळा बाजार हसला.

ती मासे तिथेच टाकून सरळ मामांच्या दारात आली. मी ओसरीवरच होतो. तिनं आवाज चढवला नाही.

"भाऊ, ते गोष्ट मी तुमच्यापाशी ठेवाले देल्ली होती. वाटाले नाई."

मामा म्हणाले, "बाई, मरू नाई म्हून सांगतली..."

"माहा माणूस एकडाव मेला. आता बाजारात रोज मरून राह्यला."

ती गेली. मामा मला म्हणाले, "जावाईबापू, गाडी काढा." ज्याला ज्याला गोष्ट सांगितली होती त्याच्या दारात आम्ही गेलो. मामा हात जोडत, "ते गोष्ट इसरा भाऊ, पाया पडतो." समोरचा विचारी, "कोणती गोष्ट?" आता ती सांगायची तर पुन्हा पाप! मामा तोंड उघडत, मिटत, नुसते कानाला हात लावत. लोक हसत होते. मला मात्र त्या दिवशी तोंड लपवावंसं वाटलं नाही. मी गाडीवरून उतरून त्यांच्या शेजारी उभा राहत होतो.

बाजार हळूहळू विसरला, बाजाराला दुसरं काहीतरी मिळतंच. ओसरी अजून भरते, पण आता पाटावर बसणाऱ्याला मामा आधी विचारतात, "हे सांगाची हाय का ठेवाची?" ती बाई टोपली घेऊन रस्त्यानं दिसली की मात्र मामा उठून आत जातात. परवा मी तिथे असताना ती दारापुढे थांबली आणि तिनंच हाक मारली, "भाऊ, तब्येत बरी हाय ना?"

मामा दाराआडून बाहेर आले. "हाय बाई," म्हणाले. ती किंचित हसली, टोपली सावरून चालू लागली. ती वळणाआड जाईपर्यंत मामा हात जोडून उभे होते.