माइक बंद होता

चार मिनिटं मी बंद माइकसमोर बोलले. मला कळलंच नाही.

काका समोर बसले होते, हेडफोन लावून. आमच्या छोट्या रेडिओ स्टेशनवर हेडफोनची एकच जोडी, आणि सगळी बटणं त्यांच्या हाताखाली. मी बोलत होते. ते मान हलवत होते. हं, बोल. असं.

काका म्हणजे रिटायर झालेले डॉक्टर. सिएटलजवळच्या आम्हा मराठी लोकांसाठी हे स्टेशन त्यांनीच उभं केलं. मी नागपूरला नऊ वर्षं रेडिओवर बातम्या केल्या, निवडणुकांचे निकाल सांगितले. मग नवऱ्याच्या व्हिसावर इथे बॉथेलला आले आणि घरी बसले. काकांनी बोलावून दर शनिवारी सकाळी राजकारणावर बोलायला दिलं. ते उपकार मी विसरले नव्हते.

त्या शनिवारी विषय जातीचा होता. जवळच्या एका शहराच्या कौन्सिलपुढे ठराव आला होता. नोकरी देताना, घर भाड्यानं देताना जात बघितली तर ते बेकायदा ठरणार होतं. मी दोन्ही बाजू मांडल्या. मग, काही ठरवलं नसताना, म्हणाले, "मी स्वतः दलित आहे. इथल्या मराठी घरांत मी जेवले आहे, आणि आडनाव कळल्यावर पुन्हा बोलावणं आलेलं नाही."

रेडिओवर मी फक्त पहिलं नाव लावायचे. हे वाक्य आयुष्यात पहिल्यांदा चारचौघांत बोलले.

बाहेर गाडीत नवरा आणि मुलगी आमचं स्टेशन लावून थांबले होते. मुलगी म्हणाली, "आई, यू वेअरन्ट ऑन. दे प्लेड सॉन्ग्ज."

नवरा स्टिअरिंगकडे बघत म्हणाला, "तू ठरावाचं नाव काढलंस आणि गाणं लागलं."

मी परत आत गेले. काका वायर गुंडाळत होते.

"तुझ्या भल्यासाठीच, बेटा. तुमचं ग्रीन कार्ड व्हायचंय. नवऱ्याच्या ऑफिसात आपलेच लोक आहेत."

आवाज अगदी मायेचा. आणि मी काय केलं? "बरं, काका," म्हणाले. हे लिहिताना आजही कान तापतात.

पुढचे तीन शनिवार गेले. हवामान वाचलं. ट्रॅफिक वाचलं. नवरा म्हणायचा, "सोड ना यार. भांडायला आलोय का आपण इथे?" त्याच्या टीममधल्या एकानं पाठीवर थाप मारायच्या निमित्तानं जानवं आहे का ते चाचपलं होतं. ते त्यानं मला दोन वर्षांनी सांगितलं. तोही काय करणार?

चौथ्या शनिवारी काकांनी एक कागद पुढे केला. कौन्सिलच्या सुनावणीआधी वाचायचं निवेदन. 'आमच्या समाजात इथे जातिभेद नाही. या ठरावानं आमची बदनामी होते.' खाली माझं नाव टाइप केलेलं. पूर्ण. आडनावासकट.

"तुझ्या तोंडून आलं की वजन पडतं," काका म्हणाले.

नको तेव्हा आडनाव झाकायचं. उपयोग असेल तेव्हा बाहेर काढायचं. दोन्ही काकाच ठरवणार.

"मी वाचणार नाही, काका."

"विचार कर, बेटा."

"केला."

त्यांनी माइक स्वतःकडे ओढला आणि निवेदन स्वतः वाचलं. माझं नाव तेवढं गाळलं. मी दाराशी उभी राहून ऐकलं. घराघरात जात होतं ते. मला काही करता आलं नाही.

सुनावणीला गेले. प्रत्येकाला दोन मिनिटं. समोर आमच्या इथल्या मराठी मंडळाच्या बायका, ठरावाविरुद्धचे फलक धरून. त्यांच्या गणपतीच्या कार्यक्रमाचं सूत्रसंचालन मी केलेलं. मी बोलत असताना एकीनंही वर बघितलं नाही. कौन्सिलनं ठराव पुढे ढकलला. केव्हा येणार, कुणी सांगत नाही.

माझा कार्यक्रम गेला. काकू दुकानात दिसल्या, तर दुसऱ्या रांगेत वळल्या. नवरा आठवडाभर धड बोलला नाही. तो घाबरलाय. मीही.

दुसरं कुठलं स्टेशन मला घेईल असं वाटत नाही. पण ठराव जेव्हा येईल तेव्हा मी बोलणाऱ्यांच्या यादीत नाव घालीन. आडनाव आधी सांगीन, मग बाकीचं. नवरा आला तर त्याच्यासोबत. नाही आला तर एकटी.