शिवणकाकू आणि सात तोंडांचा नागासुर

भाचीने हातात धरून खेळायचा गेम दिला आणि आमच्या शिवणकाकूंच्या अंगात वीरश्री संचारली! गिऱ्हाइकाचा झगा सुईखाली तसाच ठेवून त्या सात तोंडांच्या नागासुराशी भिडल्या. पण जोर चढला की काकूंचा पाय आपोआप पायडल मारतो. शेवटचं तोंड उरलं, तोवर मशीनने झग्याची बाही शिवून बंद केली होती. तेवढ्यात गिऱ्हाईकबाई दारात.

"अहो काकू, ही बाही की पिशवी? लग्नाला जायचंय मला!"

"थांबा हो, जीव जाईल माझा!"

बाई तणतणत गेमच्या पडद्यात डोकावल्या आणि किंचाळल्या, "शेपटी आली, उडी मारा!"

काकूंनी उडी मारून भाला फेकला. नागासुर आडवा!

काकू बाही उसवायला बसल्या. गेम बाईंच्या हातात.

"लग्नाचं काय?"

"लागेल ते आपापलं. भाला कुठून फेकायचा, सांगा आधी!"