विंगेतल्या आवाजाला पहिली दाद देणारे टिंबरेलसाहेब

श्री. ॲलन टिंबरेल यांची आणि आमची ओळख एका गैरसमजातून झाली, आणि तो गैरसमज होता हे त्यांनी आजतागायत पूर्णपणे मान्य केलेले नाही.

मी नॉटिंगहॅमच्या रुग्णालयातून निवृत्त झालो आणि आम्ही उभयता लंडनच्या स्टॅनमोर भागात राहायला आलो, त्याच वर्षीची ही गोष्ट. आमच्या आणि टिंबरेलसाहेबांच्या घराची एक भिंत सामाईक आहे. माझी पत्नी कै. सौ. शालिनी आपल्या मराठी मंडळाच्या वार्षिक नाटकाची प्रॉम्प्टर होती, हे वाचकांना ठाऊक आहेच. प्रयोगाच्या आधी पंधरा दिवस ती स्वयंपाकघरात सगळ्या पात्रांची वाक्ये मोठ्याने वाचत असे. शेजाऱ्यांना याचा त्रास होत असणार, या संकोचाने तिने त्यांना नाटकाचे एक तिकीट नेऊन दिले. शेजारी व्यवसायाने नट आहेत, हे तेव्हा आम्हाला माहीत नव्हते.

आपली नटमंडळी नोकऱ्या, ट्रेन आणि मुलांच्या शाळा सांभाळून नाटक करतात. पाठांतराची जबाबदारी ती विश्वासाने विंगेवर सोपवतात. त्यामुळे प्रत्येक वाक्य आधी उजव्या विंगेतून शालिनीच्या आवाजात आणि मग नटाच्या तोंडून ऐकू येई. आपल्याला याची इतकी सवय झाली आहे की पहिले वाक्य आपल्या कानांवर पडतच नाही. टिंबरेलसाहेबांच्या कानांवर मात्र पडले. प्रयोग संपल्यावर ते सर्व नटांना ओलांडून थेट विंगेत गेले आणि शालिनीचा हात हातात घेऊन इंग्रजीत म्हणाले, "मॅडम, माणसांच्या आधी त्यांचं नशीब बोलतं, ही कल्पना कोणाची?"

शालिनी म्हणाली, "कल्पना कसली, यांचं पाठांतर नसतं."

टिंबरेलसाहेबांनी क्षणभर विचार केला. "हे प्रेक्षकांना सांगू नका," ते म्हणाले.

पुढल्या वर्षापासून ते आपल्या नाटकांचे मार्गदर्शक झाले, आणि शालिनीच्या विंगेतल्या खुर्चीशेजारी एक दिवा आला.

त्यांच्या कारकिर्दीविषयी थोडे लिहिणे आवश्यक आहे. ऑस्ट्रेलियातील न्यू साऊथ वेल्स प्रांतातल्या एका लहान गावी त्यांचा जन्म झाला. वडील मेंढ्यांची लोकर कातरण्याचे काम करीत. गावात आलेल्या एका फिरत्या नाटक मंडळीतला नट आजारी पडला आणि त्याचा कोट गावात फक्त ॲलन यांना बसला. अभिनयातील त्यांचा प्रवेश असा झाला, असे ते स्वतः सांगतात. पुढे सिडनीत त्यांनी नाट्यशिक्षण घेतले. एका दूरचित्रवाणी मालिकेत ते अनेक वर्षे गुरांचे डॉक्टर होते. त्या मालिकेच्या लोकप्रियतेमुळे लोक त्यांना रस्त्यात अडवून आपापली कुत्री दाखवू लागले. देश सोडण्याचे कारण विचारले असता ते आजही "कुत्री" एवढेच उत्तर देतात.

इंग्लंडमध्ये ऑस्ट्रेलियन माणसाच्या भूमिका थोड्या होत्या आणि त्या इंग्रज नटांना मिळत. त्यामुळे टिंबरेलसाहेबांनी रंगभूमीवर बिशप, न्यायाधीश आणि रशियन सेनापती साकारले. पडद्यावर त्यांचे आयुष्य बेताचे असे. गुप्तहेरांच्या मालिकांमध्ये ते सहसा धनाढ्य घरमालक असत आणि पहिल्या दहा मिनिटांत आपल्याच पुस्तकांच्या खोलीतल्या गालिच्यावर मृतावस्थेत सापडत.

याच कामानिमित्त माझा आणि त्यांचा स्नेह दृढ झाला. मी शवविच्छेदन करणारा पॅथॉलॉजिस्ट असल्याचे कळताच ते आमच्याकडे आले आणि मृत माणसाचा हात नेमका कसा पडतो, हे त्यांनी मला विचारले. मी म्हणालो, दूरचित्रवाणीवर हे कोणी पाहत नाही. ते म्हणाले, "डॉक्टर, तुम्ही पाहता." हे खरे होते. ते आमच्या बैठकीच्या खोलीत आडवे झाले आणि मी त्यांची बोटे एकेक करून योग्य त्या स्थितीत ठेवली. तेवढ्यात शालिनी बशा घेऊन आली. तिने त्यांना शांतपणे ओलांडले आणि म्हणाली, "ॲलनभाऊ, मरून झालं असेल तर उठा, पोहे गार होतायत." त्यानंतर प्रत्येक मृत्यूपूर्वी ते आमच्याकडे येऊन जात. क्रॉयडनला झालेल्या एका चित्रीकरणात दिग्दर्शकाने त्यांना हात छातीवर ठेवायला सांगितले, तेव्हा त्यांनी माझ्या नावाचा हवाला देऊन नकार दिला. आपल्या विषयातील माझ्या मताला इतका मान माझ्या रुग्णालयातही क्वचितच मिळाला असेल.

वेळेच्या बाबतीत ते काटेकोर आहेत. दोनची तालीम असली की ते पावणेदोनला हॉलवर हजर असतात. आपली मंडळी तीनला येत. यावर ते कधी रागावले नाहीत. रिकाम्या खुर्च्या मांडून ते तालीम सुरू करीत आणि सर्व भूमिका स्वतः करीत. त्यांना मराठी येत नसल्यामुळे हा प्रकार पाहण्यासाठी लोक लवकर येऊ लागले. सध्या तालीम अडीचला सुरू होते.

मराठी येत नाही, असे म्हणणे तितकेसे न्याय्य नाही. आपल्या नाटकांत केलेल्या छोट्या भूमिकांची वाक्ये त्यांनी उत्तम पाठ केली आहेत, आणि त्यांचे मराठी तेवढेच आहे. त्यांतील एक वाक्य त्यांना विशेष प्रिय आहे. आमच्या दाराची घंटा वाजवून, दार उघडताच ते गंभीरपणे म्हणत, "थांबा, हे लग्न होऊ शकत नाही." शालिनी आतून उत्तर देई, "झालं चाळीस वर्षांपूर्वी. या, चहा घ्या."

दोन वर्षांपूर्वी शालिनीचे निधन झाले. त्या काळात अनेकांनी माझे सांत्वन केले आणि मी सर्वांचा ऋणी आहे. टिंबरेलसाहेबांनी सांत्वन केले नाही. ते दर गुरुवारी माझा कचऱ्याचा बिन रस्त्यापाशी नेऊन ठेवीत आणि संध्याकाळी परत आणून ठेवीत. मी एकदा म्हणालो की हे मला स्वतःला करता येईल. "माहीत आहे," ते म्हणाले, आणि पुढच्या गुरुवारी पुन्हा घेऊन गेले.

चार महिन्यांनी मंडळाच्या समितीची बैठक माझ्याच घरी भरली. शालिनीने आजारपणापूर्वी ज्या विनोदी नाटकाची प्रत तयार केली होती, ते नाटक करायचे की नाही, एवढाच विषय होता. आपले कार्यवाह आणि प्रमुख नट श्री. दिलीप सहस्रबुद्धे म्हणाले, "डॉक्टर, वहिनींशिवाय नाही हो जमणार. भावनेचं सोडा, पाठांतरच नाही."

येथेच जन्मलेली आणि वकिली करणारी आपली नायिका कु. ईशा म्हणाली, "काका, मला मराठी रीड पण नाही करता येत. काकू बोलायची, मग मी बोलायची."

टिंबरेलसाहेबांनी सगळ्यांचे ऐकून घेतले. "नाटक होईल," ते म्हणाले. "विंगेत डॉक्टर बसतील."

मी स्पष्ट नकार दिला. मला रंगभूमीचा अनुभव नव्हता, आणि खरे कारण निराळे होते. ते कारण त्यांनी इतर मंडळी गेल्यावर विचारले. "तिची प्रत तुम्ही उघडली आहे का?"

मी उघडली नव्हती. ती स्वयंपाकघरातल्या खणात होती. तिचे अक्षर पाहण्याचे धैर्य माझ्यात नव्हते.

"बंद ठेवलीत तर ती तुमच्यापाशी सुरक्षित राहील," ते म्हणाले. "उघडलीत तर दिलीपला वाक्यं मिळतील. मी सल्ला देत नाही. दिलीपची अवस्था सांगतो आहे."

मी तालमींना जाऊ लागलो, पण टंकलिखित प्रत घेऊन. प्रयोगाच्या दिवशी मात्र विंगेत तिचीच प्रत असावी, असे वाटले. तिसरी घंटा झाल्यावर मी ती प्रथमच उघडली.

नटांविषयीच्या सूचना ती दोन ओळींच्या मधल्या जागेत लिहीत असे, हे मला ठाऊक नव्हते. पहिला अंक निर्विघ्न पार पडला. दुसऱ्या अंकात श्री. सहस्रबुद्धे यांचे मुलीच्या बापाचे लांब भाषण होते. मी पुढची ओळ, नेहमीच्या स्पष्ट आवाजात, वाचली: "इथे दिलीप अडकणार. आधी त्याला श्वास घेऊ द्यावा."

विंगेतून येईल ते बोलायची वीस वर्षांची सवय होती. श्री. सहस्रबुद्धे यांनी छातीवर हात ठेवला आणि प्रेक्षकांना भरल्या गळ्याने सांगितले, "इथे दिलीप अडकणार. आधी त्याला श्वास घेऊ द्यावा."

मग ते वाक्य कोणाचे, हे सर्वांच्या एकदमच लक्षात आले, आणि जो हशा उठला तो बराच वेळ थांबला नाही. माझ्यापुरते सांगायचे तर इतक्या महिन्यांनंतर तिचे बोलणे मी प्रथमच ऐकत होतो. पुढची ओळ मला दिसेना. चष्मा पुसूनही दिसेना. हशा ओसरला आणि नट माझ्याकडे पाहू लागले.

टिंबरेलसाहेब त्या प्रवेशात घराची पाहणी करायला आलेले कौन्सिलचे, म्हणजे इथल्या नगरपालिकेचे, अधिकारी होते. त्यांना वाक्य नव्हते. ते सावकाश सोफ्यावर बसले. श्री. सहस्रबुद्धे यांच्या हातातला चहाचा कप त्यांनी काढून घेतला, त्यात पाहिले, आणि तो रिकामा कप घोट घोट पिऊ लागले. मध्येच थांबून त्यांनी छताकडे पाहिले, वहीत काहीतरी टिपले, आणि पुन्हा प्यायले. लोक पोट धरून हसत होते. कौन्सिलचा माणूस एवढा वेळ घेतो, याबद्दल कोणालाही शंका आली नाही. त्या सर्व वेळात त्यांनी एकदाही विंगेकडे पाहिले नाही. मला ओळ सापडली. माझा आवाज निघाला, तसा त्यांनी कप खाली ठेवला.

मी अनेक पुरस्कारप्राप्त नट पाहिले आहेत. दुसऱ्यासाठी इतके सुंदर थांबलेला नट मी पाहिलेला नाही.

त्या दिवसापासून विंगेतली खुर्ची माझ्याकडे आहे. नटमंडळी माझ्या उच्चारांबद्दल तक्रार करतात. पाठांतर मात्र अजून कोणी सुरू केलेले नाही.

यंदाच्या नाटकाची प्रत गेल्या आठवड्यात आली. ती कोरी आहे. ओळींच्या मध्ये कोणाचेही अक्षर नाही. मी पेन्सिल घेऊन बसलो आणि पहिल्या अंकात पहिली सूचना लिहिली: "टिंबरेलसाहेब इथे जिना चढून येतात. घाई करू नये." अशा सूचना पुढची पुष्कळ वर्षे, दरवर्षी नव्या प्रतीत लिहिण्याची संधी त्यांनी मला द्यावी, आणि त्यासाठी लागणारे आरोग्य व आयुष्य त्यांना भरभरून लाभावे, एवढीच माझी प्रार्थना.