बाहुल्यांना दिलेला जिना

वामन खानापूरकर गेला हे मला चिकपेटेत कळलं, एका कापडाच्या दुकानात. बायकोला साडी घ्यायची होती आणि मी नेहमीप्रमाणे गादीच्या कडेला बसून जांभया देत होतो. दुकानाचे मालक आमच्या मराठी मंडळाच्या नाटकांना वर्षानुवर्षं पडद्याचं कापड पुरवत आलेले. साडीची घडी मोडता मोडता ते थांबले आणि आपल्या मोडक्यातोडक्या मराठीत म्हणाले, "ते तुमचे जिन्याचे साहेब... सकाळी गेले म्हणे. हार्टचं झालं." मला वाटलं, हे दुसऱ्याच कुणाबद्दल बोलतायत. दोनच दिवसांपूर्वी कारखान्याच्या कँटीनमध्ये त्यानं माझ्या ताटातलं लोणचं न विचारता उचललं होतं. पण सबंध बंगळुरात 'जिन्याचे साहेब' एकच होते. साडी तशीच टाकून आम्ही त्याच्या घरी जायला मल्लेश्वरमची बस धरली.

खरं सांगतो, बसमध्ये मला रडू आलं नाही. रडू नंतर आलं. बसमध्ये माझ्या डोक्यात एक जुना प्रश्न घोळत होता. वामन मुंबईला का गेला नाही? हा प्रश्न मी त्याला दहा-अकरा वर्षं निरनिराळ्या प्रकारे विचारला होता आणि दर वेळी त्यानं तेच उत्तर दिलं होतं. ते उत्तर मला कधी पटलं नव्हतं. माझा स्वभाव जरा चौकस आहे. घरचे त्याला भोचक म्हणतात.

आमची ओळख पन्नासच्या दशकातली. मी पुण्याहून इथल्या सरकारी कारखान्यात नोकरीला आलो, तेव्हा एकटा होतो आणि खानावळीतल्या सांबाराला विटलेला होतो. वामन ड्रॉइंग ऑफिसात होता. खानापूरकडचा, घरी मराठी, शाळेत कानडी, त्यामुळे त्याच्या बोलण्यात 'बरं, बरं'च्या जागी 'सरी, सरी' आणि 'जरा थांब'च्या जागी 'स्वल्प थांब' पेरलेलं असायचं. पहिल्याच रविवारी तो मला जेवायला घरी घेऊन गेला आणि पुढे रविवारचं जेवण त्याच्याकडे हे ठरूनच गेलं. घरात सुमतीवहिनी आणि सात-आठ वर्षांची सुधा. जेवण झालं की वामन सतरंजीवर लोळत नाटकाबद्दल बोलायचा. नोकरी ही पोटासाठी, खरं काम नाटकाचं, असं त्याचं स्वच्छ मत होतं आणि ते तो वरिष्ठांसमोरही लपवत नसे. त्याचं बोलणं ऐकताना मला माझी नोकरी फारच मिळमिळीत वाटायची.

मग एका वर्षी गणेशोत्सवासाठी त्यानं स्वतःच नाटक लिहिलं. गोष्ट अगदी साधी. भाऊसाहेब नावाचे एक लहानसे कंत्राटदार. त्यांनी घर बांधलं ते खालचंच, पण वरच्या मजल्यावर जायचा जिना आधीच बांधून ठेवला. मुलं मोठी होतील, हुद्द्यावर चढतील, मग वरचा मजला उठवायचा. वर्षं जातात. भाऊसाहेब येणाऱ्या-जाणाऱ्याला वरच्या खोल्या कुठं असतील ते हात करून दाखवत राहतात. धाकटा मुलगा घर सोडून जातो. थोरला साहेब झाल्याच्या थापा मारत असतो आणि शेवटी एक दिवस येऊन कबूल करतो, की तो साधा कारकून आहे आणि वर काहीही नाही, नुसतं आभाळ आहे. अखेरच्या प्रवेशात भाऊसाहेब ठेवणीतला कोट घालतात, हातात कंदील घेतात, पाहुण्यांना वरच्या मजल्यावर बोलवत जिना चढू लागतात आणि शेवटच्या पायरीनंतर पुढचं पाऊल उचलतात... तिथं पडदा. भाऊसाहेब वामन स्वतः, थोरला मुलगा मी, आणि बायकांची मंडळात वानवाच असल्यामुळे आईच्या कामाला सुमतीवहिनींना उभं केलेलं.

जिन्याचं वामननं रीतसर ड्रॉइंग काढलं होतं, समोरून, बाजूनं, वरून. पार्सलाच्या खोक्यांचं लाकूड आणून तो सुट्टीच्या दिवशी ठोकत बसायचा. मंडळात त्या जिन्याच्या अर्थावरून चर्चा झडायच्या. आमच्या युनियनच्या पुढाऱ्यांना तो जिना म्हणजे सरकारच्या योजना वाटायचा. एक निवृत्त संस्कृतचे शिक्षक तालमीला येऊन बसायचे, त्यांच्या मते तो मोह होता. खजिनदार म्हणायचे, मला त्यात फक्त खिळ्यांचं बिल दिसतं. मी वामनला सरळच विचारलं, "अरे, पण तुझ्या मनात काय आहे?"

"जोश्या, तुला तो चढायचाय. अर्थ काय विचारतोस?" एवढं बोलून त्यानं पुन्हा हातोडी उचलली.

सगळ्यांत चांगला प्रश्न वहिनींनी विचारला. तालीम चालू असताना मध्येच थांबून त्या म्हणाल्या, "ह्या आईला माहीत आहे का हो, मजला कधी होणार नाही ते?"

"माहीत आहे," वामन म्हणाला.

"मग बोलत का नाही?"

"बोलली तर नाटक पहिल्याच अंकात संपेल!" सगळे हसले. वहिनीही हसल्या, आणि पुढच्या तालमीपासून त्यांचं काम एकदम बदललं. त्या भाऊसाहेबांकडे बघायच्या ते काही वेगळंच बघायच्या. मला ते बघणं इतकं खरं वाटायचं की मी माझी वाक्यं विसरायचो.

प्रयोग फार रंगला. मराठी येत नसलेले शेजारीपाजारीही शेवटपर्यंत हलले नाहीत. मुंबईच्या एका नाटकमंडळीचे चालक त्या दिवशी योगायोगानं गावात होते. ते रंगपटात आले आणि वामनचे दोन्ही हात धरून म्हणाले, दिवाळीनंतर मुंबईला या, चार महिने राहा, नाटक आपण तिथं उभं करू, भाऊसाहेब तुम्हीच करायचे... आणि येताना हा जिना घेऊन या, असा दुसरा होणार नाही. वामनचे पाय जमिनीवर राहिले नाहीत. बिनपगारी रजा मिळाली तर ठीक, नाहीतर राजीनामा, हे त्यानं कँटीनमध्ये जाहीरच केलं. शाळेच्या हॉलमधून जिना हातगाडीवर घालून घरी आणला आणि अंगणात उभा केला. सुधा तिच्या मैत्रिणींना बोलावून तो दाखवायची. आम्ही सगळे दिवाळीची वाट बघू लागलो. आमच्यातला एक तरी माणूस काहीतरी करून दाखवणार, याचा मला मनापासून आनंद होता.

आणि नवरात्रात जिना अंगणातून गेला. इथल्या घरांतून नवरात्रात बाहुल्या मांडतात. पायऱ्यापायऱ्यांची मांडणी करून त्यावर पांढरं धोतर पसरायचं आणि वर सगळा संसार बसवायचा. शेजारच्या पद्मक्कांकडे त्यासाठी धड पायऱ्या नव्हत्या. "आमच्या हिनं दिला की जिना उचलून, बाहुल्यांना!" वामननं कपाळावर हात मारून सांगितलं. मी चौकशीला म्हणून पद्मक्कांकडे गेलो. धोतराखाली तो आमचाच जिना होता. खालच्या पायऱ्यांवर वाणी, वाणीण, वाजंत्रीवाले, आणि अगदी वर, जिथून पुढं आभाळ होतं तिथं, लग्नात आलेले लाकडाचे राजा-राणी शेजारीशेजारी बसलेले. बघून मला हसूच आलं. नऊ दिवसांनी परत आण म्हटलं, तर वामन म्हणाला, "देव बसले त्याच्यावर. आता त्यावर चपला घालून कसा चढू? त्यांच्यात चालत नाही ते." दुसरा जिना कर म्हटलं, तर म्हणाला, "तो जिना हेच तर नाटक आहे रे." दिवाळी आली, गेली. मुंबईहून विचारणा आली, मग तीही थांबली. त्यानंतर वामननं नाटक लिहिलं नाही.

मंडळात सगळा राग वहिनींवर निघाला. बायकांना कलेतलं काय कळतं, असं बोलणारे होते, आणि त्यात बायकाही होत्या. पुढे रागाची थट्टा झाली. कुणाचं काही हरवलं की "खानापूरकर वहिनींनी बाहुल्यांना दिलं असेल" म्हणायचं. मीही म्हणत असे. वहिनी हसायच्या आणि कॉफी पुढं करायच्या. सुधा मात्र हसत नसे. ती मोठी होत गेली तसतसं वडिलांविषयीचं तिचं प्रेम आणि आईविषयीचा तिचा राग दोन्ही वाढत गेली. एकदा माझ्यादेखत ती आईला म्हणाली होती, "तुला बाबा कधी कळलेच नाहीत." वामन तिथंच वर्तमानपत्र वाचत बसला होता. त्यानं पान उलटलं.

तेराव्यानंतर एका संध्याकाळी मी त्यांच्याकडे गेलो. एका वर्तमानपत्राच्या पुरवणीसाठी वामनवर लिहा असं मला सांगण्यात आलं होतं आणि काही जुन्या गोष्टी विचारून घ्यायच्या होत्या. सुधा आता कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला आहे. पद्मक्का भाताचा डबा घेऊन आल्या होत्या आणि वहिनींच्या शेजारी बसल्या होत्या. सुधा म्हणाली, "काका, जिन्याचं नक्की लिहा. तो दिला नसता तर बाबा आज कुठल्या कुठं असते." हे ती आईसमोर म्हणाली. वहिनी डब्याचं झाकण पुसत राहिल्या.

"इल्ल, इल्ल," पद्मक्का नकारार्थी मान हलवत म्हणाल्या. "सुमती कुठं दिली गं? वामनअण्णाच घेऊन आले की, कामावर जायच्या आधी. आमच्यात पायऱ्या विषम लागतात म्हटलं, ह्या तर आठ. 'स्वल्प थांबा अक्का' म्हणाले आणि रविवारी येऊन नववी ठोकून दिली. रंधा मारून दिली."

मी विचारलं, "पण देवाचा जिना म्हणून त्याच्यावर पाय द्यायचा नाही, असं तुमच्यात आहे ना?"

"कोण सांगितलं? बाहुल्या उतरल्या की त्याच्यावरच चढून माळ्यावरची भांडी काढतो आम्ही."

पद्मक्कांना आपण काय बोललो ते कळेना, त्या एकदा माझ्याकडे, एकदा सुधाकडे बघू लागल्या. मग वहिनी सावकाश म्हणाल्या, "झोप लागत नव्हती त्यांना. अंगणात येरझारा घालायचे. एकदा म्हणाले, हा जिना दारात आहे तोवर मला जावंच लागेल. मी म्हटलं, मग देऊन टाका. कुणी विचारलं तर माझं नाव सांगा."

"आणि तू ऐकून घेतलंस? मी इतकं बोलत होते तुला..."

"बोलायचीस. बोलू दिलं मी." वहिनींचा आवाज अजिबात चढला नव्हता. "तू माझ्याशी भांडलीस ना, की त्यांना बरं वाटायचं गं. कुणीतरी आडवं आलं म्हणून राहिलं, असं म्हणायला मिळायचं. तेवढंच होतं त्यांच्यापाशी."

सुधा उठून आत गेली. बऱ्याच वेळानं बाहेर आली, डोळे सुजलेले होते, आणि आईच्या अगदी लगत, खांद्याला खांदा लावून बसली. मला वामनचा भयंकर राग आला. पोरीसमोर बायकोला दोषी ठरवू दिलंस, आणि पान उलटत बसलास! तो समोर असता तर मी भांडलो असतो. पण रागाखाली दुसरंही काही होतं. सगळ्यांसमोर मोठमोठं बोलणारा माझा मित्र पहाटे उठून एकटाच जिना ओढत शेजारी नेतोय, हे डोळ्यांपुढं आलं आणि मला तो पूर्वी कधी नव्हता इतका जवळचा वाटला. त्या संध्याकाळी मी त्याच्यासाठी पहिल्यांदा रडलो.

हे लिहू का, म्हणून मी विचारलं. "लिहा," सुधाच म्हणाली, "जसं झालं तसं लिहा." वहिनी फाटकापर्यंत सोडायला आल्या. "लिहा भावजी. पण त्यांना भित्रा म्हणू नका."

नाही म्हणत, वहिनी. नाटकात तो जिना मीसुद्धा चढलो आहे, दुसऱ्या अंकात, वर काही नाही हे भाऊसाहेबांना दाखवायला. खालून आठ पायऱ्या म्हणजे काहीच नाही. वर गेलं की धरायला कठडा नसतो आणि खोक्यांचं लाकूड पायाखाली हलतं. दर तालमीत माझे पाय लटपटायचे, वामनचेही लटपटत असणार. तेव्हा वहिनी आईच्या कामात जिन्याला टेकून उभ्या असायच्या आणि पाठीमागून एका हातानं तो घट्ट धरून ठेवायच्या. प्रेक्षकांना तो हात दिसत नसे.