सिंदफणेच्या वळणावरचे दगडूनाना

दगडूनाना नदीत उतरले की आधी वहाणा काढत. कोरड्या वाळूत टाच रोवत आठ-दहा पावले जात, थांबत आणि म्हणत, "हितं हाय." मग दोन्ही हातांनी उकरत. कोपरभर खड्डा झाला की तळाला पाणी पाझरू लागे. या खड्ड्याला ते झिरा म्हणत. पाणी निवळेपर्यंत मेंढ्यांना काठीने थोपवून धरत. "दम धरा बायांनो! लग्नाची पंगत हाय का?"

माजलगाव धरणाच्या वरच्या अंगाला मी सिंदफणेतल्या वाळूउपशावर माहितीपट करत होते. चित्रीकरणाची माझी यादी पाहून नाना हसत. "बाई, नदीला ठावं हाय का, आज तिचा नंबर कितवा?"

त्यांनी अट एकच घातली. "मला दाखवा, मेंढरं दाखवा. वळण तेवढं वळखू येऊ देऊ नका. समद्या नदीत एवढीच वाळू ऱ्हायलीय. ती गेली का आमचं उन्हाळ्याचं पानी गेलं."

मी वहीत लिहून घेतले, खाली रेघ ओढली.

संकलनात मात्र नुसते हात आणि पाणी फिके वाटू लागले. उंच काठावरून घेतलेले एक दृश्य होते: झिऱ्याभोवती मेंढ्या, मागे पडक्या पुलाचा खांब आणि दोन चिंचा. ते मला सोडवेना. मी नानांच्या बोलण्यातून गावाचे नाव कापले, दृश्य ठेवले आणि वहीतल्या अटीपुढे 'झाले' अशी खूण केली.

पहिला खेळ त्यांच्याच गावात, शाळेच्या पटांगणात झाला. दृश्य येताच मागून कोणी ओरडले, "आरं, हे तर नानाचं वळण!" टाळ्या पडल्या. लोकांनी मोबाइलवर तेवढाच तुकडा उतरवून घेतला, गावोगाव पाठवला. नाना पुढेच बसले होते. उठताना म्हणाले, "वळण लई बेस दिसलं, बाई." मला ते कौतुक वाटले.

पंधरा दिवसांत तिथे ट्रॅक्टर उतरले. मी तहसीलला अर्ज दिला, पुरावा म्हणून माहितीपट जोडला. पंचनामा झाला तेव्हा वळणावर उघडा खडक होता.

मी पोचले तेव्हा नाना घोड्यावर बिऱ्हाड बांधत होते. धारूरच्या डोंगराकडे निघाले होते. त्या वर्षी उन्हाळ्याला अजून दोन महिने होते.

"नाना, चूक माझी आहे."

"आसंल. मेंढरांला चूक पाजता येत न्हाई, बाई." त्यांनी दोरीची गाठ आवळली. "शिनिमा आजून दावता का?"

"तुम्ही म्हणाल तर बंद करते."

"कावून? दावा की. आता तिथं लपवायला काय ऱ्हायलंय?"

नानांची पुन्हा भेट झाली नाही. माहितीपट मी अजून दाखवते. इतर गावांत त्याचा उपयोग होतो. ते दृश्य आले की लोक टाळ्या वाजवतात. तेवढा वेळ मी बाहेर जाऊन उभी राहते.