अमेरिकेचा इतिहास बघताना बाबांची आठवण

मंडळी, आज दुपारी इथे आखातात, अल खौदच्या घरी आईबरोबर टीव्हीवर अमेरिकेतल्या गुलामगिरीवरची डॉक्युमेंटरी बघत होते. मुलांपासून तोडून विकलेल्या आयांबद्दल सांगताना त्यातल्या वयस्कर इतिहासकार बाईंचे डोळे भरून आले. आईला इंग्रजी कळत नाही, म्हणून मी मराठीत सांगत होते.

"आपल्या वस्तीचं असं कोण सांगणार गं?" आई म्हणाली. "तुझे बाबा सांगायचे."

आजोबांना गावच्या विहिरीवर पाणी भरू देत नव्हते, ते बाबा जेवताना सांगायचे. गोष्ट मला पाठ आहे, पण बाबांचा आवाज कुठेच उरलेला नाही.

मी कॅमेरा आणला. "तू सांग."

"मला टीव्हीतल्या या बाईंसारखं जमेल का?" असं म्हणत आईने पदर सारखा केला आणि ती सांगू लागली.

तुमच्याकडे आहे का हो कुणाचा आवाज?