कोल्हापूर, आणि शेवटच्या अर्ध्या मिनिटाची शिट्टी

मेल आला तेव्हा मी शाळेच्या मैदानावर चुन्यानं लंगडीचं मैदान आखत होते. राष्ट्रीय नेटबॉल लीगच्या कोल्हापुरातल्या सामन्यासाठी पंच म्हणून माझी नेमणूक झाली होती. बारा वर्षं मी आंतरशालेय सामन्यांत शिट्टी वाजवत आले, पण लीगची ही पहिलीच वेळ. या मुली नोकऱ्या सांभाळून खेळतात, सामन्यागणिक मानधन घेतात. एखादा निर्णय चुकला तर कुणाचा तरी पुढच्या हंगामाचा करार जाऊ शकतो. "येते" एवढं कळवायला मला दोन दिवस लागले.

शुक्रवारी सकाळी सातला स्वारगेटहून एसटी धरली. बायकांना अर्धं तिकीट, त्यामुळे दोनशेच्या आसपास काम भागतं. साताऱ्यापर्यंत रस्ता छान. कराडच्या पुढं महामार्गाचं काम चाललंय, गाडी सारखी खालच्या कच्च्या रस्त्यावर उतरते. पाच तासांचा प्रवास साडेसहा धरून निघा. मी सगळा वेळ नियमांचं पुस्तक वाचत होते आणि दर दहा मिनिटांनी पिशवीत शिट्टी आहे ना ते चाचपत होते.

आयोजकांनी पंचांची सोय स्टँडसमोरच्या लॉजवर केली होती. तिथं गोंगाटात झोप लागणार नाही म्हणून मी नेटवर शोधून नागाळा पार्कात एका घरातली खोली घेतली होती. घर सुनंदाकाकू पाटलांचं. जैन कुटुंब, शिरोळकडं ऊसशेती, इथं बंगला. काकूंनी दारातच विचारलं, "जेवून आलासा का तसंच?"

साडेपाचलाच त्यांनी ताट वाढलं. "सूर्य मावळायच्या आत जेवायचं, आमच्यात पद्धत हाय. बसा की." ज्वारीची भाकरी, दोडक्याची भाजी, मुगाची उसळ, घट्ट दही. मी दुसरी भाकरी घेतली.

तेवढ्यात दार उघडून पंचविशीतली उंच मुलगी आत आली. खांद्यावर खेळाची बॅग, अंगात कोल्हापूर संघाचा टी-शर्ट.

"ही पल्लवी, आमची लेक," काकू म्हणाल्या. "दूध संघात कामाला हाय. उद्या म्याच हाय तिची."

"सराव करून आलो," पल्लवी म्हणाली. कोल्हापुरात बायकाही 'आलो-गेलो'च म्हणतात. मग माझ्या खुर्चीवरच्या पांढऱ्या गणवेशाकडं तिचं लक्ष गेलं आणि ती थबकली. "तुम्ही पंच काय?"

संघांच्या यादीत वाचलेलं नाव आठवलं. ती कोल्हापूरची कर्णधार होती, आणि मी तिच्या घरी जेवत होते.

मी खोलीत जाऊन सामना निरीक्षकांना फोन लावला. ते म्हणाले, "तुम्हाला माहीत नव्हतं, ठीक आहे. आता माहीत झालंय. लॉजवर या आणि मला दोन ओळी लिहून द्या."

पिशवी उचलून बाहेर आले तेव्हा काकूंचा चेहरा उतरला होता. "आमच्या घरचं जेवलं म्हंजे लाच झाली व्हय?"

"तसं नाही हो, काकू. उद्या लोक पल्लवीलाच बोलतील."

"जाऊ दे त्यांना, आई," पल्लवी म्हणाली. "बरोबर हाय त्यांचं." ती फाटकापर्यंत आली आणि तिनं रिक्षा थांबवून दिली. वाटेत माझ्या मनात एकच घोळत होतं. उद्या मी तिला झुकतं माप देईन का? की दिसू नये म्हणून उलटंच करेन?

शनिवारी सकाळी मिसळ खायला गेले. इथं मिसळीबरोबर पावाऐवजी जाड स्लाइस देतात, आणि कट वाढून घेता येतो. तुम्ही नक्की खा. मी अर्धी टाकून उठले.

सामना साडेचारला होता, भोपाळच्या संघाशी. नेटबॉल न पाहिलेल्यांसाठी थोडक्यात सांगते: चेंडू घेऊन पळता येत नाही, आणि ज्याच्या हातात चेंडू आहे त्याच्यापासून तीन फूट लांब राहूनच अडवायचं. दोन पंच असतात, प्रत्येकीकडं अर्धं मैदान. चार सत्रं असतात, संघ दर सत्रानंतर बाजू बदलतात, पंच बदलत नाहीत. त्यामुळे तिसऱ्या सत्रात कोल्हापूर माझ्या टोकाला गोल मारत होतं आणि चौथ्यात भोपाळ.

शेवटचं अर्धं मिनिट उरलं तेव्हा दोन्हीकडं एकेचाळीस. भोपाळच्या मुलीनं नेम धरला, पल्लवीनं समोर हात उंचावले. तिचा पाय तीन फुटांच्या आत, पुढं होता. मी शिट्टी वाजवली आणि तिला बाजूला उभं केलं. नियमच तसा आहे, दोषी खेळाडूनं नुसतं बघत उभं राहायचं. गोल झाला. कोल्हापूर एका गोलानं हरलं. गॅलरीतून जे आलं ते इथं लिहिण्यासारखं नाही.

हस्तांदोलनाला पल्लवी आली. "मॅडम, माझा पाय पुढं हुता. कबूल. पण तिसऱ्या सत्रात त्यांच्या पोरीचा?"

"मला दिसला नाही," मी म्हणाले. खरंच दिसला नव्हता की बघितला नव्हता, ते मला सांगता आलं नसतं.

रविवारी परतीच्या गाडीला वेळ होता, म्हणून नृसिंहवाडीला गेले. कोल्हापूर स्टँडवरून एसटी मिळते, दीड तास लागतो. पुढच्या बाकावर दोघे बोलत होते.

"काल पोरींची म्याच बघाय गेलतो."

"जिंकल्या?"

"कुठलं. पुण्याची बाई आणलेली पंच म्हणून. शेवटाला वाजवली की शिट्टी."

"फौल हुता का पण?"

"आसंल. आपल्याला काय कळतंय त्यातलं."

मी स्कार्फ नाकावर ओढून घेतला. वाडीला संगमाच्या पायऱ्यांवर तासभर बसले. दर्शन छान झालं, बासुंदीही घेतली, पण डोळ्यांपुढं तिसरं सत्रच होतं.

पुण्याला पोचल्यावर दुसऱ्या दिवशी सामन्याचं चित्रण मिळालं. शेवटची शिट्टी बरोबर होती. मग तिसरं सत्र लावलं. भोपाळच्या मुलीचा पाय तितकाच पुढं, माझ्यापासून चार पावलांवर, आणि एकदा नाही, दोनदा. दोन्ही वेळा कोल्हापूरचा नेम चुकला होता. मी तिकडंच बघत होते, शिट्टी ओठांत होती, आणि वाजवली नाही. का, ते मला माहीत आहे. कोल्हापूरच्या बाजूनं काही देताना मी घाबरत होते.

हे सगळं अहवालात लिहिलं. प्रत दोन्ही संघांना जाते. निरीक्षकांचं उत्तर आलं, पुढच्या फेरीत मी राखीव पंच. त्यांनी खाली लिहिलं होतं, "असं स्वतःहून लिहिणारे कमी."

चार दिवसांनी काकूंचा फोन आला. "पल्लवीनं वाचून दाखवलं. निकाल बदलतोय का आता?"

"नाही, काकू."

"मग कशाला लिहिलासा?"

"झालं होतं म्हणून."

"बरं केलासा," म्हणाल्या आणि फोन ठेवला.

प्रवासातून काय उरलं म्हणाल तर भीती गेलेली नाही. ती पंचाच्या पोटात असणारच, एवढं मान्य केलंय. मागच्या शनिवारी शाळेच्या संघातल्या मुलींना ते चित्रण दाखवलं आणि म्हटलं, बाईंच्या दोन चुका आहेत, शोधा. दहा मिनिटांत सातवीतल्या एका मुलीनं हात वर केला आणि तिसरी दाखवली. मी मागं नेऊन पुन्हा लावून पाहिलं. तिचं बरोबर होतं.